तिरामिसूला पाणी सुटतं, ते नेमकं कुठून?

फोंड्याच्या एका ताईंनी विचारलंय. त्यांनी घरी दोनदा तिरामिसू (कॉफीत बुडवलेली बिस्किटं आणि क्रीम यांचे थर लावून केलेला इटालियन गोड पदार्थ) केलं आणि दोन्ही वेळा दुसऱ्या दिवशी ट्रेच्या तळाशी कॉफीचं पाणी साचलेलं, वरचं क्रीम चमच्यावरून ओघळणारं. त्यातलं मस्कारपोने, म्हणजे क्रीमपासून केलेलं मऊ इटालियन चीज, महाग म्हणून घरीच केलं होतं: पॅकेटमधलं क्रीम तापवून, लिंबू पिळून, फडक्यात दोन तास टांगून. आता श्रावणात लेकीचा वाढदिवस आहे, वीसेक माणसं येणार आणि सासूबाईंना श्रावणात अंडं चालत नाही. तर अंडं वगळून आणि जिलेटिन घालून ते घट्ट करावं का, असा त्यांचा प्रश्न.

ताई, जिलेटिन नको. एक तर ते जनावरांच्या हाडा-कातड्यापासून करतात. अंडं टाळून जिलेटिन घातलं तर श्रावण कसला पाळला? आणि समजा चालत असतं, तरी त्यानं तुमचं पाणी फक्त धरून ठेवलं असतं. इतकं पाणी मुळात आलं कुठून, हा प्रश्न तसाच राहिला असता आणि खाणाऱ्याच्या तोंडात क्रीमऐवजी थरथरणारी जेली आली असती.

मी नऊ वर्षं कलंगुटकडच्या हॉटेलांच्या स्वयंपाकघरात गोडाचं काम केलं. आता म्हापशात घरूनच ऑर्डरी घेते. या काळात बिघडलेली जेवढी तिरामिसू पाहिली (त्यातली बरीच माझीच), त्यातल्या बहुतेकांत चवीचा काही दोष नव्हता. हिशोब चुकला होता तो पाण्याचा. पाणी क्रीममधून येतं, बिस्किटातून येतं, आणि आपल्याकडे पावसाळ्यात हवेतूनसुद्धा येतं. तुमच्या बाबतीत तिन्हीकडून आलेलं दिसतंय.

आधी मस्कारपोने. तुम्ही वापरलेलं ते लांब टिकणारं फ्रेश क्रीम साधारण २५ टक्के फॅटचं असतं. म्हणजे एका लिटरमध्ये २५० ग्रॅमच्या आसपास फॅट. चांगल्या मस्कारपोनेत फॅट चाळीस टक्क्यांच्या वर असतं. मी ४२ धरते. २५० ग्रॅम फॅटमधून ४२ टक्क्यांचं मस्कारपोने किती होईल? सहाशे ग्रॅमला थोडं कमी. म्हणजे एका लिटरमधून जवळपास चारशे ग्रॅम पाणी गळून जायला हवं. आता आठवून बघा, तुमच्या फडक्याखालच्या वाटीत किती पाणी जमलं होतं? वाटीभर? मग उरलेलं सगळं तुमच्या ट्रेमध्ये गेलं.

हे आपल्याला खरं तर कुणी शिकवायची गरज नाही. चक्का ओला राहिला की श्रीखंड पातळ होतं, हे आपल्या घरात लहान पोरालाही ठाऊक असतं. फक्त परदेशी नाव लागलं की आपण घरचं शहाणपण बाजूला ठेवतो. फरक एवढाच, की दही सहज गळतं आणि हे क्रीम गळत नाही, कारण ते फुटू नये म्हणून कंपनीनं त्यात स्थिरता देणारे पदार्थ घातलेले असतात. दोन तासांनी काहीच होत नाही. माझी पद्धत सांगते. एक लिटर क्रीम जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर ८५ अंशांपर्यंत तापवायचं. उकळी नाही. कडेला बारीक बुडबुडे आणि भरपूर वाफ, एवढंच. मग दोन मोठे चमचे गाळलेला लिंबाचा रस घालून त्याच तापमानाला पाच मिनिटं हळूहळू ढवळायचं. पनीरसारखं फाटणार नाही. चमच्याच्या पाठीवर जाड लेप बसतो, तीच खूण. लेप न बसता क्रीम नुसतंच ओघळत असेल तर ते पुरतं तापलेलं नाही, आणखी दोन मिनिटं द्या. पूर्ण निवू द्या, मग मलमलीच्या चार पदरी फडक्यात, चाळणीवर, खाली भांडं ठेवून रात्रभर फ्रीजमध्ये. फ्रीजमध्येच. आपल्या स्वयंपाकघरात तीस अंशांत टांगलं तर ते गळण्याआधी आंबायला लागतं. सकाळी वर छोटी ताटली आणि तिच्यावर पाण्याने भरलेली वाटी ठेवून आणखी तीन-चार तास. आणि खालचं पाणी वजनकाट्यावर मोजा. साडेतीनशे-चारशे भरत नाही तोवर फडकं सोडू नका. (ते पाणी फेकूही नका, पोळ्यांची कणीक त्यात छान भिजते.)

हे मस्कारपोने डब्यातल्या इटालियनच्या इतकं गुळगुळीत होत नाही, हे कबूल. थोडा लिंबाचा आंबटपणा राहतो. मला तो खटकत नाही. वीस माणसांसाठी डबे आणायचे म्हणजे मात्र खिशाला खटकेल.

क्रीममधूनच पाणी सुटायची दुसरी जागा फेटण्याची. इथे इटालियन पाककृती आपल्याला गोत्यात आणतात. त्यात लिहिलेलं असतं, मस्कारपोने खोलीच्या तापमानाला आणा. त्यांची खोली अठरा-वीस अंशांची. फोंड्याची खोली जूनमध्ये तीस, मेमध्ये विचारूच नका. त्या तापमानाला दुधाचं फॅट सैल पडतं आणि त्यात इलेक्ट्रिक बीटर फिरवला की तुम्ही क्रीम फेटत नसता, लोणी काढत असता. साय घुसळताना लोण्याचा गोळा वर येतो आणि ताक खाली राहतं ना, तेच. आधी रवाळ दिसतं, मग कडेने पाणी दिसायला लागतं. तिथून परत येणं अवघड. म्हणून मस्कारपोने फ्रीजमधून काढून फक्त दहा मिनिटं बाहेर ठेवा आणि हाताच्या व्हिस्कने गुठळ्या मोडेपर्यंतच फिरवा. वीस-पंचवीस फेरे. मशीन फक्त व्हिपिंग क्रीमला.

हे मी महागात शिकले. हॉटेलात पहिल्याच वर्षी एका लग्नाच्या पार्टीसाठी मोठ्या मिक्सरमध्ये सहा किलो मस्कारपोने टाकलं आणि फोन घ्यायला वळले. दोन मिनिटंच. परत बघते तर भांड्यात पिवळट रवा आणि त्याभोवती पाण्याची कड. शेफ काही बोलला नाही, नुसता भांड्यात बघत उभा राहिला. ते बोलण्यापेक्षा वाईट.

आता अंड्याचं. इथे तुमच्या घरावर अवलंबून आहे, म्हणून दोन्ही सांगते.

अंडं चालणाऱ्यांनी कच्चं घालू नये, निदान आपल्या हवेत आणि पाहुण्यांसाठी तरी नाही. पाच पिवळे बलक आणि शंभर ग्रॅम साखर एका भांड्यात घ्या, खाली मंद उकळणारं पाणी, भांड्याचा तळ पाण्याला टेकू द्यायचा नाही, आणि सतत फेटत राहा. मिश्रण ७२ अंशांच्या वर गेलं पाहिजे. मी पंच्याहत्तरला उतरवते. साखर असल्यामुळे बलक इतक्यात गोठत नाही, पण ऐंशीच्या पुढे नेलंत तर गोड भुर्जी होईल. थर्मामीटर घेऊन ठेवा. फेटून फिकट आणि दाट झालं की थंड पाण्याच्या परातीत भांडं ठेवून पुरतं निववा. कोमट असताना मस्कारपोनेत ओतलंत की वर सांगितलेलं लोणी-ताक पुन्हा सुरू.

तुमच्या घरी श्रावण आहे. तेव्हा बलक गेला. बलक तीन कामं करायचा: हवा धरायचा, फॅट आणि पाणी बांधून ठेवायचा आणि चव भरदार करायचा. यातलं पहिलं काम व्हिपिंग क्रीम करेल, दुसरं तुमचं नीट गाळलेलं मस्कारपोने करेल, तिसरं थोडं कमीच राहील, ते मान्य करू. कंडेन्स्ड मिल्क घालून ती उणीव भरायचा मोह होईल. मी करत नाही, कारण त्यातही चौथा हिस्सा पाणी असतं आणि गोडी कॉफीवर चढते. पाचशे ग्रॅम मस्कारपोनेला अडीचशे मिली दुधाचं व्हिपिंग क्रीम, नव्वद ग्रॅम पिठीसाखर, चिमूटभर मीठ. क्रीम, भांडं आणि बीटरच्या काड्या तिन्ही बर्फासारख्या थंड हव्यात. फेटताना मऊ टोक उभं राहून किंचित वाकलं की थांबा आणि सपाट चमच्याने मस्कारपोनेत खालून वर असं हलक्या हाताने मिसळा. वनस्पती तेलाची व्हिप टॉपिंग उन्हात जास्त तग धरते हे खरं, हॉटेलांच्या बुफेत तीच असते, पण तोंडात मेणासारखा थर राहतो. फार तर चौथा हिस्सा तिचा, पाहुणे अंगणात जेवणार असतील तर.

आणि एक गोष्ट तुमच्या लक्षात आलेली दिसत नाही. इटालियन लेडीफिंगर बिस्किटं, ज्यांना ते सावोयार्दी म्हणतात, ती अंड्याचीच असतात. क्रीममधून अंडं काढलंत आणि पाकीट फोडून ती बिस्किटं लावलीत तर सासूबाईंच्या ताटात अंडं गेलंच. पाकिटावरची तपकिरी खूण बघा.

मग बिस्किटाच्या जागी काय? मारी लावू का, असं तुम्ही विचारलं नाहीत, पण कुणीतरी सुचवेलच. मारीचा चुरा, क्रीम आणि कंडेन्स्ड मिल्क म्हणजे सेराडुरा, पोर्तुगीजांचा लाकडाच्या भुशाच्या नावाचा गोड पदार्थ, आपल्या गोव्यात घरोघर होतो आणि मला फार आवडतो. पण तो सेराडुराच. बेकरीतला टोस्टही नको. तो बाहेरून मऊ पडतो तरी मध्ये कडकच राहतो, आणि बहुतेकांत वेलची असते. बिनअंड्याचा साधा स्पंज करा: दीडशे ग्रॅम मैदा, १८० ग्रॅम दही, १२० ग्रॅम साखर, ८० मिली तेल, एक छोटा चमचा बेकिंग पावडर, अर्ध्या चमच्याला जरा कमी सोडा. वीस बाय वीस सेंटिमीटरच्या ट्रेमध्ये १८० अंशांवर पंचवीस मिनिटं. दुसऱ्या दिवशी आडवा कापून दोन थर करा, त्यांच्या बोटभर पट्ट्या पाडा आणि १०० अंशांवर तास-दीड तास वाळवा, मोडल्यावर कट्ट आवाज येईपर्यंत. एका केकमधून एका ट्रेचे दोन्ही थर निघतात.

अंडं चालणाऱ्यांसाठी पाकिटाची बिस्किटं पणजी, मडगाव आणि कांदोळी-कलंगुटच्या मोठ्या दुकानांत मिळतात. पावसात पाकीट उघडलं की अर्ध्या दिवसात ती नरम पडतात, आणि नरम बिस्किट म्हणजे आधीच पाणी प्यालेलं बिस्किट. १२० अंशांवर आठ-दहा मिनिटं ठेवून पूर्ण निवू द्या, परत कुरकुरीत होतात.

कॉफीबद्दल दोनच गोष्टी: कडक हवी आणि थंड हवी. तुम्ही कोमट वापरली असं लिहिलंय. उष्ण पाण्यात बिस्किट कसं विरघळतं ते चहात बिस्किट बुडवणाऱ्या प्रत्येकाला माहीत आहे. मोका पॉट असेल तर उत्तम, नसेल तर साउथ इंडियन फिल्टरचं पहिलं घट्ट डिकॉक्शन, शक्यतो चिकोरी नसलेल्या पावडरीचं. इन्स्टंटही चालते: अडीचशे मिली गरम पाण्याला पंधरा ग्रॅम, साखर नाही, फ्रीजमध्ये गार करून.

आता बुडवणं. एकदा एवढं करून बघा. छोट्या वजनकाट्यावर एक कोरडं सावोयार्दी ठेवा, सात-आठ ग्रॅम भरेल. पसरट ताटलीत कॉफी घ्या, बिस्किट आडवं टेकवा, मनात 'एक' म्हणा, उलटवा, पुन्हा 'एक', उचला, क्षणभर तिरकं धरून निथळू द्या. परत काट्यावर ठेवा. सोळा ते अठरा ग्रॅम आलं तर बरोबर. मोडून बघा, मधोमध पांढरी कोरडी रेघ दिसली पाहिजे. ती रेघ रात्रभरात क्रीममधला ओलावा ओढून घेते. तीच तुमची राखीव जागा. पंचवीस ग्रॅम आलं तर राखीव काही उरलं नाही, आणि जादाचं सगळं सकाळी ट्रेच्या तळाशी भेटेल. चोवीस बिस्किटांना सव्वादोनशे ते अडीचशे मिली कॉफी लागते. ट्रे लावून झाल्यावर वाटीत किती उरली त्यावरून तुम्ही कुठे चुकलात ते कळतं. घरच्या स्पंजच्या पट्ट्या बुडवूच नका, त्या आधाशासारखं पितात. ट्रेमध्ये मांडून ब्रशने कॉफी लावा, वरून दोनदा.

दारूचं कुणी ना कुणी विचारतंच. इटलीतल्या त्रेव्हिझो शहरातल्या 'ले बेक्केरिए' या रेस्तराँला तिरामिसूचं श्रेय दिलं जातं. तिथे ते १९७२ मध्ये मेनूवर आलं आणि त्यांच्या मूळ पाककृतीत दारू नव्हती. शेजारच्या फ्रिउली भागातले लोक म्हणतात की ते आमचंच, त्याही आधीचं. भांडण कुणाचंही खरं असो, पदार्थ आपल्यातल्या कितीकांपेक्षा वयाने लहान आहे, तेव्हा अंडं काढलं म्हणून परंपरा मोडली असं मनात आणू नका. लेकीच्या वाढदिवसाला दारूचा प्रश्न नाहीच. इतर वेळी कॉफीत दोन चमचे रम. काजूची फेणी मी एकदा हौसेने घातली होती. कॉफी, कोको, क्रीम सगळं हरलं, फेणी एकटी जिंकली.

रचना सोपी आहे. एक थर, त्यावर अर्धं क्रीम, पुन्हा थर, उरलेलं क्रीम. वीस बाय वीसच्या एका ट्रेमध्ये पाचशे ग्रॅम मस्कारपोनेचं सगळं बसतं आणि नऊ-दहा जणांना पुरतं. तुम्हाला असे दोन लागतील, म्हणजे घरच्या मस्कारपोनेसाठी साधारण १.७ लिटर क्रीम. एकच मोठा खोल ट्रे करू नका. तो मधून लवकर गार होत नाही आणि वाढताना पहिला तुकडा काढला की बाकीचं त्या खड्ड्यात घसरतं.

मग तिसरं पाणी, हवेचं. निदान बारा तास फ्रीजमध्ये, चोवीस असतील तर जास्त चांगलं. झाकण थेट लावलंत तर आतून घाम धरतो आणि थेंब क्रीमवर पडतात. झाकणाखाली स्वच्छ सुती रुमाल ताणून बसवा. कोको आदल्या रात्री भुरभुरू नका, सकाळी काळे ओले डाग दिसतील. वाढायच्या पाच मिनिटं आधी, चहाच्या गाळणीतून. वीज गेली तर फ्रीज उघडून बघायचा मोह आवरा. बंद फ्रीज चारेक तास थंडावा धरतो, दर दहा मिनिटांनी दार उघडणारं घर धरत नाही.

तुमच्या वेळापत्रकासाठी: वाढदिवस रविवारी असेल तर गुरुवारी रात्री मस्कारपोने गाळायला ठेवा, शुक्रवारी केक भाजा, शनिवारी सकाळी पट्ट्या वाळवून दुपारपर्यंत ट्रे लावून फ्रीजमध्ये टाका. मुलीचे मित्रमैत्रिणी लहान असतील तर एका ट्रेला कॉफीऐवजी दुधातला गार कोको वापरा, ब्रशने, तोच हिशोब. एका वेळी एकच ट्रे बाहेर काढा आणि तो बर्फाचे तुकडे घातलेल्या मोठ्या ताटात ठेवून वाढा. पंख्याखालीसुद्धा वीस मिनिटांच्या वर तो उभा राहत नाही. पहिला तुकडा कोपऱ्यातून काढा, तो मोडतोच. तो करणाऱ्याचा.